ओरखडे, कोळसा आणि अंटार्क्टिका: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

गोंडवन म्हणजे भारत, आफ्रिका, ऑस्ट्रेलिया, दक्षिण अमेरिका आणि अंटार्क्टिका जोडलेले होते तो प्राचीन महाखंड. तिथे, भारतातसुद्धा, एकेकाळी हिमनद्या होत्या, असं सांगणाऱ्या माझ्या लेखाला तुम्ही चांगली लांबलचक आणि तिखट प्रतिक्रिया दिलीत. दोन ओळींत उरकण्यासारखी ती नाही, म्हणून हे वेगळं उत्तर. बाकीच्यांसाठी तुमचं म्हणणं थोडक्यात असं: चिखलात रुतलेले गोटे दिसले की हिमनदीचं नाव घ्यायची भूवैज्ञानिकांना खोडच आहे, तेच काम एखादा चिखलाचा लोंढाही करतो. त्या थरांच्या डोक्यावर कोळसा आहे, म्हणजे उष्ण जंगल, मग खाली बर्फ आला कुठून? जीवाश्मांसाठी अख्खे खंड सरकवण्यापेक्षा बुडालेले भूसेतू (खंडांना जोडणारे जमिनीचे पट्टे) पुरेत. आणि अंटार्क्टिका ध्रुवावर पोचला म्हणून गोठला, त्यात कार्बन डायऑक्साइड घुसडणं ही 'आजची फॅशन'.

लोंढे आणि दरडी हुबेहूब तसाच काला करून ठेवतात, हे खरंच आहे. नुसत्या गोट्यांवरून कुणी आज हिमनदी सिद्ध करायला गेलं तर त्याला कुणी उभं करणार नाही. तालचीर थरांतला (भारतातले सुमारे 30 कोटी वर्षांपूर्वीचे, ज्यांवरून हा वाद आहे ते थर) बराचसा माल बर्फाने आणून टाकल्यावर पाण्याने आणि घसरणीने पुन्हा हललेला आहे, हेही सर्वमान्य आहे. 1856च्या सुमारास ओडिशातल्या तालचीर खोऱ्यात ब्लॅनफर्ड बंधू आणि थिओबाल्ड या भूवैज्ञानिकांनी बर्फाची शक्यता मांडली, तेव्हा तुमची शंका रास्तच ठरली असती. उष्ण कटिबंधात हिमनदी, हे तेव्हा अनेकांच्या पचनी पडलं नाही.

पण पुढे 1875 साली भूवैज्ञानिक फ्रान्सिस फेडन यांनी चंद्रपूर भागात पैनगंगेकाठी इरई गावाजवळची जागा नोंदवली. तिथे तालचीर थराच्या खालचा, त्याहून कितीतरी जुना चुनखडक उघडा पडलाय. त्याचा माथा घासून गुळगुळीत झालेला आणि त्यावर एकमेकांना समांतर सरळ ओरखडे. आता लोंढ्यातला गोटा कसा वागतो ते बघा. तो सुटा असतो, गडगडतो, आपटतो, उलटापालटा होतो. सरळ लांब रेघ ओढायची तर गोटा एकाच स्थितीत घट्ट धरून ठेवावा लागतो आणि वरून प्रचंड भार द्यावा लागतो. हिमनदीच्या तळाशी गोठलेला गोटा म्हणजे पॉलिश पेपरवरचा कण. तो खालच्या खडकाला घासतो आणि स्वतःही घासला जातो. तालचीरमधल्या काही गोट्यांना जे सपाट पैलू पडलेत आणि त्या पैलूंवर जे चरे आहेत, ते यातूनच.

दुसरा पुरावा मला त्याहून आवडतो. तालचीरमध्ये काही ठिकाणी अगदी बारीक, पातळ थरांचा शेल (चिखल घट्ट होऊन बनलेला खडक) आहे. असा गाळ फक्त निश्चल पाण्यात बसतो. त्यात मधेच एखादा ग्रॅनाइटचा गोटा. त्याच्याखालचे थर दबून वाकलेले, क्वचित फाटलेले, वरचे थर मात्र त्याच्यावरून अलगद गेलेले. म्हणजे गोटा बाजूने आला नाही, वरून पडला. ज्या पाण्याला वाळूसुद्धा हलवता येत नव्हती, त्याने गोटा वाहून आणला असं म्हणता येत नाही. तरंगत्या हिमखंडाने तो आणला आणि वितळताना सोडला. (पुरात वाहणारी झाडंही मुळांत दगड धरून नेतात, हा अपवाद तुम्ही काढाल. काढा, पण मग इरईच्या ओरखड्यांचं काय करायचं तेही सांगा.)

आणि हे एकट्या भारतात नाही. दक्षिण आफ्रिकेत किंबर्लीजवळ, ऑस्ट्रेलियात ॲडलेडच्या दक्षिणेला हॅलेट कोव्ह इथे, ब्राझीलच्या पाराना खोऱ्यात, सगळीकडे साधारण त्याच काळातले घासलेले खडक सापडतात. ब्राझीलमधल्या खुणांवरून बर्फ आग्नेयेकडून, म्हणजे आज जिथे अटलांटिक आहे त्या बाजूने, जमिनीवर चढलेला दिसतो. समुद्रातून हिमनदी चढत नाही. तिथे आफ्रिका आणून ठेवला की दिशा आपोआप जुळतात.

भूसेतूंचा प्रश्न इथेच बराचसा निकालात निघतो. सेतूवरून लिस्ट्रोसॉरस (ज्याचे जीवाश्म वेगवेगळ्या खंडांवर सापडतात तो जमिनीवरचा प्राचीन प्राणी) चालत जाईल हो, पण भारत त्यामुळे ध्रुवाजवळ जात नाही. शिवाय खंडांचं कवच सागरतळाच्या बेसाल्टपेक्षा हलकं असतं, ते समुद्रात बुडून नाहीसं होत नाही. दख्खनच्या बेसाल्टने तर स्वतःचा पत्ताच लिहून ठेवलाय: लाव्हा थिजताना त्यातल्या लोहखनिजांनी चुंबकीय क्षेत्राचा जो कल पकडला, त्यावरून सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी ही जमीन दक्षिण गोलार्धात 30 अंशांच्या आसपास होती.

आता कोळसा. बर्फ आणि जंगल एकाच वेळी होते असं मी कुठेही म्हटलेलं नाही. खाली तालचीर, आणि जाड कोळशाचे बराकर थर त्याच्या वर, मधे लाखो वर्षांचा काळ. पण तुमच्या आक्षेपाचं मूळ वेगळं आहे. कोळसा म्हणजे उष्ण दलदल हे चित्र युरोप आणि उत्तर अमेरिकेतल्या कार्बोनिफेरस काळातल्या (सुमारे 36 ते 30 कोटी वर्षांपूर्वीच्या) कोळशावरून आपल्या डोक्यात बसलंय. ती जंगलं खरोखर विषुववृत्ताजवळची होती. कोळशाला मात्र उष्णता लागत नाही, साचलेलं पाणी लागतं, म्हणजे मेलेली झाडं कुजण्याआधी गाडली जातात. आज पीटचे (अर्धवट कुजलेल्या वनस्पतींचा थर, कोळशाची पहिली पायरी) अवाढव्य साठे पश्चिम सायबेरियात आणि कॅनडात हडसन उपसागराच्या आसपास आहेत, तिथे कुणी उकाड्याने हैराण होत नाही. गोंडवनातल्या ग्लॉसोप्टेरिस या नामशेष झाडाच्या लाकडात ठळक वार्षिक वलयं दिसतात, म्हणजे वर्षातला एक ऋतू वाढ थांबवणारा होता. 1912 साली ब्रिटिश शोधक स्कॉट आणि त्याचे सहकारी दक्षिण ध्रुवावरून परतताना मेले, तेव्हा त्यांच्यासोबत बीअर्डमोर हिमनदीच्या परिसरातले सुमारे 16 किलो दगड होते. त्यांतल्या काहींत याच झाडाची पानं निघाली. वर्षातले काही महिने सूर्यच उगवत नाही अशा अक्षांशांवर जंगलं होती, त्यांना उष्ण कटिबंध म्हणायचं तर व्याख्याच बदलावी लागेल.

यावरूनच अंटार्क्टिकाकडे येतो, कारण तुमच्याशी माझा खरा मतभेद तिथे आहे.

ध्रुवावर पोचला म्हणून गोठला, असं असेल तर पोचल्याबरोबर गोठायला हवा होता. अंटार्क्टिका निदान 10 कोटी वर्षं ध्रुवाच्या आसपासच आहे. मोठी हिमचादर पसरली सुमारे 3.4 कोटी वर्षांपूर्वी. मधल्या काळात काय होतं? 2017 साली पोलारस्टर्न या संशोधन जहाजाने अमुंडसेन समुद्राच्या तळातून काढलेल्या गाळाच्या उभ्या नमुन्यात सुमारे 9 कोटी वर्षांपूर्वीची माती मिळाली, मुळांच्या जाळ्यासकट. जागा तेव्हा 82 अंश दक्षिणेच्या आसपास होती आणि वर्षाचं सरासरी तापमान 12-13 अंश सेल्सियस निघतं. तिथे दमट जंगल होतं. ट्रायासिकमध्येही (सुमारे 25 ते 20 कोटी वर्षांपूर्वी) तेच: 1969 साली अंटार्क्टिकातल्या कोलसॅक ब्लफला लिस्ट्रोसॉरसची हाडं सापडली, तो काळही बर्फाचा नव्हता.

जागा तीच, अक्षांश जवळपास तोच, आणि एकदा जंगल तर एकदा बर्फ. तेव्हा कारण जागेत शोधून भागत नाही. ऑस्ट्रेलिया आणि दक्षिण अमेरिका दूर गेल्यामुळे अंटार्क्टिकाभोवती समुद्रप्रवाहाचं कडं तयार झालं आणि उबदार पाणी अडलं, हे स्पष्टीकरण 1970च्या दशकापासून प्रसिद्ध आहे, आणि त्यात तथ्य आहेच. पण दक्षिण अमेरिका आणि अंटार्क्टिका यांच्यामधली ड्रेक सामुद्रधुनी कधी खोल झाली यावरच अभ्यासकांत 1 कोटीहून जास्त वर्षांचा फरक आहे, आणि 2003 साली डीकॉन्टो आणि पोलार्ड या शास्त्रज्ञांच्या संगणकी प्रतिमानात मुख्य काम हवेतल्या कार्बन डायऑक्साइडच्या घसरणीने केलं, सामुद्रधुनीने फक्त हातभार लावला. मला हाच क्रम पटतो. ध्रुवावर जमीन असली की बर्फाला बसायला जागा मिळते. तो बसेल की नाही हे हवा ठरवते.

'आजची फॅशन' म्हणाल तर, स्वीडिश रसायनशास्त्रज्ञ स्वांते अरेनियस यांनी कार्बन डायऑक्साइड आणि तापमानाचं गणित मांडलं 1896 साली, आणि ते मांडताना त्यांच्या डोक्यात हिमयुगांचंच कोडं होतं.

तेव्हा माझं म्हणणं खोडायचं असेल तर गोट्यांवर वेळ घालवू नका. 9 कोटी ते 3.4 कोटी वर्षांच्या दरम्यान अंटार्क्टिका ध्रुवापासून लांब होता, असा पुराचुंबकीय (खडकांत टिकलेल्या जुन्या चुंबकत्वाचा) पुरावा कुठे वाचला असेल तर तो द्या, त्यावर पुढे बोलू.