डबे बुजवा म्हणे!

सकाळी सातला खानापूरहून आत्तीचा फोन. "गवंडी आलाय. वायरींचे डबे गिलाव्यात घेऊन टाकू काय रे?" का, तर व्हॉट्सअ‍ॅपवर तसं आलंय. तोच मेसेज मला तीन ग्रुपवर आला होता, मी हसून सोडून दिला होता. चुकलंच.

मेसेज म्हणतो, जंक्शन बॉक्स, म्हणजे वायरींचे जोड असलेले डबे, सिमेंटनं बुजवा, हवा मिळाली नाही की आग लागत नाही. अरे, ढिला जोड तापायला हवा कशाला लागते? दोन किलोवॅटचा गीझर २३० व्होल्टवर साधारण ९ अँपिअर ओढतो. १६ अँपिअरचा एमसीबी, म्हणजे करंट जास्त झाला की आपोआप पडणारा स्विच, गप्पच राहणार, कारण करंट वाढलेलाच नसतो. तापतो तो जोड. तापला की आणखी सैल होतो, टेप वितळते, वायरीचं आवरण करपतं. झाकण उघडता येत असेल तर वायरमनला काळा डाग दिसतो. गिलाव्याआड काय दिसणार?

त्यात खानापूरचा पाऊस. जांभ्याची भिंत जूनपासून पाणी पीत असते. आमच्या वडगावच्या घरात दर पावसाळ्यात आरसीसीबी, म्हणजे करंट गळायला लागला की वीज तोडणारा स्विच, पडायचा. ओला जोड सापडला तो चार ठिकाणी भिंत फोडल्यावर, शोकेसच्या मागं, आधीच्या मालकानं बुजवलेल्या डब्यात. फोडलेल्या भिंतीचा गिलावा परत आम्हीच केला, तो खर्च मेसेजवाला देत नाही.

घरच्या वायरिंगसाठी आपलं भारतीय मानक आहे, आयएस ७३२. तपासणी, चाचणी, दुरुस्तीसाठी जोड हाताशी असले पाहिजेत, असं ते सांगतं. सूट आहे ती जमिनीत पुरण्यासाठीच बनवलेल्या किंवा कंपाउंड भरून बंद केलेल्या जोडांसारख्या मोजक्या प्रकारांना. टेप गुंडाळून वर थापलेलं सिमेंट त्यात येत नाही.

मेसेज पुढं म्हणतो, "एमसीबी असला की शॉक लागत नाही." साफ खोटं. तो वायर वाचवतो. माणसासाठी ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी लागतो, १६ अँपिअरच्या पाचशेव्या भागाइतक्या गळतीला पडणारा.

"अर्थिंग नसेल तर सॉकेटमध्ये अर्थची पिन न्यूट्रललाच जोडा." हे लिहिणाऱ्याला समोर बसवून विचारावंसं वाटतं. न्यूट्रल, म्हणजे करंट परत नेणारी वायर. तो कुठंतरी तुटला की फ्रिजच्या पत्र्यावर थेट २३० व्होल्ट येतात, आणि आत्ती फ्रिज अनवाणी उघडते.

एक मात्र खरं लिहिलंय, नाइलाजानं मान्य करतो: डबा उघडा ठेवू नये, पाली-झुरळं शिरतात. पण त्याला स्क्रूचं झाकण असतं की! आणि न्हाणीतला डबा न्हाणीबाहेर, हॉलच्या बाजूला घ्यावा.

"मग ते दिसणार की रे हॉलमध्ये," आत्ती कुरकुरली. म्हटलं, झाकणाला भिंतीचाच रंग दे, पण झाकण काढून वेगळं रंगव, नाहीतर स्क्रू रंगात बसतील. गवंडी तोवर चहा पीत बसला होता.