जपानला मागे टाकले म्हणे, पण दरडोई उत्पन्नात किती वर्षांनी गाठणार?

मे 2025 मध्ये नीती आयोगाच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांनी जाहीर केले की भारताची अर्थव्यवस्था जपानपेक्षा मोठी झाली. टोकियोत आमच्या मराठी ग्रुपवर दिवसभर अभिनंदन, आणि संध्याकाळी दुसरी बाजू उठली: 'आधी दरडोई उत्पन्न बघा!' तेव्हापासून गावाकडच्या प्रत्येक फोनवर हाच वाद ऐकतोय.

जपानचा जीडीपी 600 लाख कोटी येनच्या पुढे आहे. डॉलरला 110 येन हा 2021 मधला भाव लावला तर ते साडेपाच लाख कोटी डॉलर होतात, 150 लावला तर चार. म्हणजे या क्रमवारीत येनच्या घसरणीचा मोठा वाटा आहे.

दरडोई उत्पन्न जपानचे सुमारे 33 हजार डॉलर, आपले 2,700 च्या आसपास. बारा पटींचे अंतर. समजा, जपान आहे तिथेच थांबला. आपले दरडोई उत्पन्न वर्षाला 4 टक्क्यांनी वाढले तर हे अंतर कापायला 63 वर्षे लागतील. 6 टक्क्यांनी वाढले तर 43. दोन टक्क्यांत वीस वर्षे गेली! आज नंदुरबारमध्ये जन्मलेली मुलगी ते दिवस ऐन कर्तेपणी बघेल की म्हातारपणी, इतका हा फरक आहे. सावकाराच्या कर्जात दोन टक्के जास्त म्हणजे काय, हे आपल्या शेतकऱ्याला कुणी शिकवावे लागत नाही. टीव्हीवरच्या चर्चेत मात्र 'साडेसहा काय नि सात काय' म्हणून तो आकडा सोडून देतात.

संथ वाढीची किंमत आपण स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या काही दशकांत एकदा मोजली आहे. अर्थतज्ज्ञ राज कृष्ण यांनी तेव्हाच्या ज्या वाढीला 'हिंदू विकासदर' म्हटले, ती वर्षाला साडेतीन टक्क्यांची. लोकसंख्यावाढ वजा जाता माणशी जेमतेम सव्वा टक्का उरे. त्या गतीने उत्पन्न दुप्पट व्हायला पन्नासहून जास्त वर्षे लागतात. जपानमध्ये 1960 साली पंतप्रधान इकेदा यांनी दहा वर्षांत राष्ट्रीय उत्पन्न दुप्पट करायची योजना आणली. काम सातेक वर्षांतच झाले.

माझी मुलगी इथल्या साध्या सरकारी प्राथमिक शाळेत जाते. शाळेला स्वतःचा पोहण्याचा तलाव आहे. दुपारी पांढरे एप्रन घालून मुलेच एकमेकांना जेवण वाढतात. असे तलाव देशभर बांधले गेले ते प्रामुख्याने त्या वेगाच्या वर्षांत. 1990 च्या दशकापासून तीसेक वर्षे पगार जवळपास जागीच राहिले, तरी शाळा टिकल्या. आता मात्र दुरुस्ती परवडत नाही म्हणून काही नगरपालिका तलाव बंद करू लागल्या आहेत.

आपल्याला घाई करायला हवी, याचे कारण आपल्या घरातच आहे. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत महाराष्ट्राचा जननदर 1.7 निघाला, म्हणजे बाईमागे सरासरी दोनपेक्षाही कमी मुले. म्हणजे कमावत्या हातांची आजची मोठी संख्या आणखी दोन-तीन दशकेच टिकेल. मुलींना शाळेनंतर नोकरी मिळते का आणि कारखाने जिल्ह्याजिल्ह्यांत पोहोचतात का, यावर वाढ चार टक्के की सहा हे ठरेल, आणि ते आत्ताच ठरते आहे.