हॅम्लेट नंतर बघा, आधी देतोच्किन

सोव्हिएत नट इनोकेंती स्मोक्तुनोव्स्की म्हटलं की नाटकवाली मंडळी लगेच दिग्दर्शक कोझिंत्सेवचा १९६४चा ‘हॅम्लेट’ चित्रपट काढतात. काढावाच. पण ‘बिवेअर ऑफ द कार’मधला त्याचा देतोच्किन सोडून तिथूनच सुरुवात केली तर निम्मा नट हातातून निसटतो, असं माझं ठाम मत आहे.

१९२५चा जन्म, सैबेरियातला. महायुद्धात कुर्स्कला लढला, १९४३च्या अखेरीस जर्मनांच्या हाती सापडला, पळाला, एका युक्रेनी कुटुंबानं लपवून ठेवलं, मग पुन्हा सैन्यात. एवढं करून पदरात काय, तर कैदेत राहिला म्हणून संशय! पुढची वर्षं नोरिल्स्क (ध्रुववृत्तापलीकडचं, सक्तमजुरीच्या छावण्यांचं गाव), मखचकला, स्टालिनग्राड अशा ठिकाणच्या नाटक मंडळ्यांत गेली. मॉस्कोत तर कुणी दारात उभं करेना.

लेनिनग्राडला दिग्दर्शक तोवस्तोनोगोव्हनी दोस्तोयेव्स्कीच्या ‘इडियट’चा नायक मिश्किन त्याला दिला. तालमीत काही केल्या जमेना. तो स्वतः सांगायचा, लेनफिल्म स्टुडिओतल्या धावपळीत एक माणूस उभ्या उभ्या पुस्तक वाचत होता, आजूबाजूचं भानच नाही. तिथं त्याला मिश्किन सापडला. तो गृहस्थ बरीच वर्षं छावणीत काढून आला होता, हे मागाहून कळलं. १९५७ सरता सरता नाटक आलं आणि बत्तीस वर्षांचा हा नट एकदम सगळ्यांच्या तोंडी झाला.

आपल्याकडे अजूनही खणखणीत आवाजावर टाळ्या पडतात. याचा आवाज मऊ, जरा चाचरणारा. हॅम्लेटचं ते प्रसिद्ध स्वगत तो समुद्रकाठच्या खडकांतून चालतो तेव्हा नुसतं ऐकू येतं, ओठ मिटलेलेच. तारकोव्स्कीच्या ‘मिरर’ चित्रपटात तर निवेदकाचा फक्त आवाज आहे, तरी माणूस समोर उभा राहतो.

आणि १९६६चा रियाझानोव्हचा विनोदी चित्रपट ‘बिवेअर ऑफ द कार’! देतोच्किन हा विमा एजंट. लाचखाऊंच्या गाड्या चोरायच्या, विकायच्या आणि पैसे अनाथाश्रमांना पाठवायचे. हौशी नाटकात हाच हॅम्लेट करतो, आणि त्याच्या मागावरचा तपास अधिकारी लेअर्टिस, म्हणजे हॅम्लेटशी तलवारीनं लढणारा! स्वतःच्याच गाजलेल्या भूमिकेची अशी गंमत किती नट करू देतील? तो अधिकारी झालाय ओलेग येफ्रेमोव्ह. पुढं १९७६ला स्मोक्तुनोव्स्की मॉस्को आर्ट थिएटरात गेला, तेव्हा तिथली सूत्रं याच येफ्रेमोव्हकडं होती, आणि त्यांनी मिळून चेखॉव्हचा ‘इवानोव्ह’ केला.

मोसफिल्म स्टुडिओच्या यूट्यूब चॅनेलवर देतोच्किन आहे, सबटायटल्ससकट. बघून झालं की मग हॅम्लेटवर भांडायला या.