टायनी टिमला गाता येत होतं

नमस्कार. सविस्तर प्रतिक्रियेबद्दल आभार. टायनी टिम या अमेरिकन गायकावरच्या माझ्या लेखावर तुमचा आक्षेप थोडक्यात असा: हा गायक नव्हताच, अमेरिकन टीव्हीने एका भोळ्या माणसाची टर उडवली आणि मी त्या टवाळीला कलेचा मुलामा देतोय. टर उडवली, हे खरंच. पण ‘गायक नव्हताच’?

१९६८ साली ‘लाफ-इन’ या अमेरिकन टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमात तो पहिल्यांदा आला ते दृश्य पाहा. खांद्यापर्यंत कुरळे केस, सहा फुटी देह, हातात बाजाराची पिशवी. पिशवीतून युकुलेली, म्हणजे छोट्या गिटारसारखं वाद्य, निघते, मग तो चिरक्या, बायकी आवाजात जुनी बालगीतं गायला लागतो. दोन सूत्रधारांपैकी डॅन रोवन केव्हाच सटकलेला, शेजारी डिक मार्टिन अवाक. प्रेक्षक हसले, हसणारच. पण टिमचा चेहरा बघा, तो कुणाची नक्कल करत नाहीये.

हर्बर्ट खौरी हे त्याचं खरं नाव. हेन्री बर, बिली मरे या जुन्या गायकांच्या तबकड्यांवर तो वाढला. मायक्रोफोन येण्याआधी, कर्ण्यात तोंड घालून ध्वनिमुद्रण करणारी ही पिढी. न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयात बसून तो त्या काळातल्या गाण्यांची छापील स्वरलिपी शोधायचा. त्याचं सगळ्यांत प्रसिद्ध ‘टिपटो थ्रू द ट्यूलिप्स’ हेसुद्धा मुळात गायक निक लुकासने १९२९ मध्ये गाजवलेलं गाणं. तरुणांना ते टिमचंच वाटलं. त्याचा खालचा, भरदार पुरुषी आवाज ऐकलात का? १९६८ च्या अल्बममध्ये ‘आय गॉट यू बेब’ हे युगुलगीत तो दोन्ही आवाजांत एकटाच गातो. हे न गाता येणाऱ्या माणसाचं काम नव्हे.

आणि टीव्हीने त्याला कुठून तरी धरून आणलं असंही नाही. त्याच्या बरीच वर्षं आधी तो न्यूयॉर्कमध्ये टाइम्स स्क्वेअरजवळच्या ह्यूबर्ट्स म्युझियम या तमाशेवजा करमणूकघरात, पिसवांच्या सर्कशीच्या संगतीत, ‘लॅरी लव्ह, मानवी कॅनरी’ (कॅनरी म्हणजे गाणारा पक्षी) या नावाने गात होता. लोक हसतात हे त्याला पक्कं ठाऊक होतं. भोळा म्हणून त्याची कीव करणं मला तरी त्याच्यावर अन्याय वाटतो.

आता टीव्हीबद्दल. १७ डिसेंबर १९६९ ला जॉनी कार्सनच्या टीव्हीवरच्या गप्पांच्या कार्यक्रमात त्याचं लग्न लागलं. सुमारे चार कोटी लोकांनी ते पाहिलं म्हणतात. ट्यूलिपची आरास होती आणि लुकासलाही गायला बोलावलं होतं. वर सदतीस वर्षांचा, वधू मिस विकी सतरा. दया यायचीच तर मला त्या मुलीची येते, टिमची नाही. टीव्हीने त्याचं नुकसान केलं ते वेगळंच: त्याच्या अनेक आवाजांतला एकच उचलला आणि तो जुना झाल्यावर दुसरा मागितलाच नाही. १९७० च्या इंग्लंडमधल्या आइल ऑफ वाइट संगीत महोत्सवात, रॉक गिटारवादक जिमी हेंड्रिक्सच्या श्रोत्यांपुढे, त्याने हातात कर्णा घेऊन एक जुनं इंग्रजी देशभक्तिगीत गायलं आणि अख्खं मैदान डोक्यावर घेतलं. तिथे त्याला विदूषक म्हणून बोलावलं असेलही. दाद मात्र गाण्याला मिळाली.

ते युगुलगीत एकदा हेडफोन लावून ऐका. मग पुन्हा लिहा, खुशाल भांडू.