दुसऱ्या लग्नाने पहिला संसार खोटा ठरत नाही

सध्या एक मेसेज घरोघरच्या ग्रुपवर फिरतोय. तरुणपणी नवरा गेलेल्या बाईने पुन्हा लग्न केलं तर त्याच्या मिळकतीतला हक्क जातो, पहिल्यावर तिचा जीवच नव्हता असं सिद्ध होतं. तेव्हा मुलांकडे बघून दिवस काढावेत. आईच्या भिशीच्या ग्रुपवर तो आला तेव्हा माझी धाकटी बहीण शेजारीच बसली होती.

आधी हक्काचं बोलू, कारण या भीतीने कितीतरी पोरी गप्प बसतात. १८५६ च्या पुनर्विवाह कायद्याने पहिल्या नवऱ्याच्या मालमत्तेवरचा हक्क खरंच काढून घेतला होता. मेसेज तिथेच अडकलाय. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यानुसार, नवरा मृत्युपत्र न करता गेला तर त्याच्या मालमत्तेत मुलं आणि सासूबरोबर बायकोही वारस असते. तो वाटा तिच्या पूर्ण मालकीचा. नंतर लग्न केलं म्हणून कुणी परत मागू शकत नाही. पीएफच्या पेन्शनचं मात्र वेगळं आहे, ती विधवेला पुनर्विवाहापर्यंतच मिळते. बायांनो, सातबाऱ्यावर वारसनोंद करून घ्या, आणि हक्कसोडपत्रावर सही करण्याआधी वकिलाला दाखवा.

'जीवच नव्हता' हे फक्त बाईलाच का ऐकवायचं? बाया कर्वे, म्हणजे आनंदीबाई, बालविधवा होत्या. १८८९ मध्ये पंडिता रमाबाईंनी विधवांसाठी काढलेल्या शारदा सदनात शिकायला गेल्या, १८९३ मध्ये धोंडो केशव कर्व्यांशी लग्न झालं. कर्वेही विधुरच होते. त्यांच्या गावच्या, मुरुडच्या लोकांनी बहिष्कार घातला तो विधवेशी लग्न केलं म्हणून. विधुराच्या पहिल्या प्रेमाचा हिशेब कुणीच मागितला नाही.

राहिलं मुलांकडे बघण्याचं. माझी बहीण लेकीकडे बघूनच उठली. नवरा गेल्यावरचं पहिलं वर्ष तिने कसं काढलं ते मी पाहिलंय. पहाटे पाचला उठून ती त्याचा रिकामा डबा घासून पालथा घालायची. मग सासूबाईच म्हणाल्या, "अगं, बी.एड.चा फॉर्म भर, पोरीला मी बघते." आज ती शिकवते. पाच वर्षांनी लग्न केलं, तेव्हा सासूबाई पहिल्या रांगेत होत्या.

तो स्टीलचा डबा आता ती शाळेत नेते. झाकणावर पहिल्या नवऱ्याचं नाव कोरलेलं आहे. मध्यंतरी कडी तुटली, तर आमचे नवे जावई बोहरी आळीतून बसवून घेऊन आले. नवा डबा घेऊ या का, असं त्यांनी विचारलंसुद्धा नाही.