तोळाभर राणी, मणभर नातेवाईक

दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावर आजोबांचा पत्र्याचा डबा सापडला, त्यात जुनी नाणी निघाली आणि आमचं अख्खं घराणं एका रात्रीत श्रीमंत झालं. फक्त पैसे यायचे बाकी आहेत.

मला नाण्यांबद्दल वाचायची खोड, म्हणून तज्ज्ञपद माझ्या गळ्यात पडलं. काकांनी पहिलं नाणं पुढे केलं. एका बाजूला राम-लक्ष्मण-सीता, दुसऱ्या बाजूला ईस्ट इंडिया कंपनी, साल 1818. म्हटलं, "काका, कंपनीने असलं नाणं कधी पाडलंच नाही. हे नुसतं टोकन." काका तेव्हापासून माझ्याशी आत्यामार्फत बोलतात.

आत्याच्या हातात व्हिक्टोरिया राणी, साल 1862. "किती कोटी?" रुपया खरा होता. वजन तोळाभर, म्हणजे 11.66 ग्रॅम, आणि चांदी जवळपास 92 टक्के. पण टाकसाळीने 1862 हेच साल पुढे कित्येक वर्षं छापलं, त्यामुळे या राण्या उदंड आहेत. मावसभावाचा जीव वाघाच्या चित्राच्या रुपयात अडकलेला. "1947 चा आहे रे, स्वातंत्र्याचा!" स्वातंत्र्य आलं खरं, पण चांदी आधीच गेली होती. 1940 पासून ती निम्म्यावर आली आणि 1947 चा रुपया तर निव्वळ निकेलचा.

संग्राहकाला नाण्यावरचा जुना काळपट थर हवा असतो, घासलं की भाव पडतो. हे सांगायला मी स्वयंपाकघरात गेलो, तेव्हा आई चिंच-मीठ लावून देवाच्या तांब्याबरोबर राणीचं नाक घासत होती. नाक जवळजवळ संपलं होतं. "मुलगी बघायला जाताना तूही आंघोळ करून गेला होतास ना?" यावर कुठला नाणेशास्त्रज्ञ उत्तर देईल?

त्यातच ट्रॅक्टरवाली पाचची नोट लाखांना विकून देणारा एक भला माणूस मावसभावाला फोनवर भेटला. आधी फक्त नोंदणी फी भरायची. असल्या व्यवहारांशी आमचा काही संबंध नाही, असं रिझर्व्ह बँकेने 2021 मध्येच जाहीर केलंय. ते मी मोठ्याने वाचून दाखवलं.

"असंच म्हणणार ते बँकवाले," आत्या म्हणाली, "त्यांनाच हव्या असतील."

सध्या डबा बँकेच्या लॉकरमध्ये आहे. लॉकर आत्याच्या नावावर, किल्ली काकांकडे. भाडं मी भरतो, तज्ज्ञ म्हणून.