माओरींचा हाका नाच बघताना दात काय काढता?

न्यूझीलंडमध्ये रोटोरुआला तिथल्या मूळच्या माओरी लोकांच्या कार्यक्रमाला गेलं की मागच्या रांगेतून खीखी ऐकू येणारच, दर वेळी हेच, आता खरंच डोकं फिरलंय माझं! दारात तो योद्धा तायाहा, म्हणजे त्यांचं लाकडी शस्त्र, फिरवत येतो ना, ते वेरो असतं, पाहुणे भांडायला आलेत की शांततेने हे तो तपासत असतो, जमिनीवर फांदी ठेवतो आणि आपल्यातल्या एकाने त्याच्या नजरेला नजर देऊन ती उचलायची असते. हसू नका म्हणून आधी नीट सांगितलेलं असतं. तरी कुणीतरी जीभ बाहेर काढून त्याला वेडावतंच! तुमच्या देवळात आरतीच्या वेळी कुणी असं केलं तर चालेल?

होंगीला, म्हणजे त्यांच्या नमस्काराला, नाकाला नाक लावायचं म्हटलं की 'ईईई'. अरे, ती माणसं तुमच्यासोबत श्वास वाटून घेतायत! मोको हे गोंदण म्हणजे चेहऱ्यावर कोरलेली वंशावळ, तिला बोट लावून बघायला जातात. वर 'हा हवाईचाच डान्स ना?' हवाई तिथून सुमारे ७,००० किलोमीटरवर आहे हो!

१८६७ च्या कायद्याने माओरींच्या शाळांत इंग्रजी लादली, पुढे स्वतःची भाषा बोलली म्हणून पोरांनी मार खाल्ला, अधिकृत भाषेचा दर्जा मिळायला १९८७ उजाडलं, एवढं सोसून जपलेली गाणी ते समोर गातायत आणि तुम्ही व्हिडिओ कॉलवर 'जेवलात का' विचारताय? ठेवा तो फोन खाली! तासभर गप्प बसायला काय जातं?